ग्झाव्हिए लग्राँ यांचा अर्ध्या तासाचा लघुपट : जी हिंसा पडद्यावर दिसतच नाही, तिची एवढी भीती का वाटते?

पाऊलवाट :
आमच्या चित्रपट मंडळाच्या छोट्या सभागृहात मागच्या रविवारी ग्झाव्हिए लग्राँ या फ्रेंच दिग्दर्शकाचा २०१३ सालचा 'आव्हाँ क द तू पेर्द्र' (म्हणजे 'सर्वस्व जाण्याआधी') हा लघुपट पाहिला. लांबी जेमतेम अर्धा तास. संपल्यावर दिवे लागले तरी पहिल्या काही क्षणांत कोणी खुर्चीवरून उठले नाही, आणि माझ्या शेजारी बसलेल्या काकूंनी पर्सचा पट्टा इतका घट्ट धरला होता की त्यांच्या बोटांवर वळ उमटले होते.

कथा दोन वाक्यांत मावते. शाळेत जातो असे सांगून घराबाहेर पडलेला एक लहान मुलगा पुलाखाली लपून राहतो, बसथांब्यावर एक किशोरवयीन मुलगी रडत उभी असते, आणि एक बाई गाडीतून येऊन दोघांनाही घेऊन ती नोकरी करत असलेल्या मोठ्या दुकानात जाते. ही आई आणि तिची मुले आहेत, ती नवऱ्याच्या घरातून कायमची निघाली आहेत आणि आज संध्याकाळच्या आत त्यांना गावाबाहेर पडायचे आहे, हे आपल्याला तुकड्यातुकड्यांनी उमगत जाते. शेवट मी सांगणार नाही आणि प्रतिसाद देणाऱ्यांनीही तो सांगू नये, ही विनंती.

मला पडलेला प्रश्न असा. या लघुपटात एकदाही कोणी कोणावर हात उगारत नाही. रक्त नाही, किंचाळी नाही, अंधारी गल्ली नाही. सगळे भर दिवसा, दिव्यांनी लखलखणाऱ्या दुकानात घडते. तरीही मारहाणीची दृश्ये असलेल्या कितीतरी मोठ्या चित्रपटांत जाणवली नव्हती एवढी धास्ती मला इथे जाणवली. ही धास्ती नेमकी कशातून तयार होते? आणि जोडीने दुसराही प्रश्न आहे, जो मला जास्त छळतो आहे : घरात मार खाणाऱ्या बाईच्या सुटकेला असे श्वास रोखून धरायला लावणारे रूप देणे योग्य आहे का?

तिसरी घंटा :
विषय काढल्याबद्दल मनापासून आभार. पहिल्या प्रश्नाचे माझे उत्तर असे की लग्राँ आपल्याला माहिती उशिरा देतात, पण पात्रांना ती आधीपासून असते. रहस्यपटात बहुधा याच्या उलट असते, बाँब टेबलाखाली आहे हे प्रेक्षकाला माहीत असते आणि पात्राला नसते. इथे मुलगा पुलाखाली का बसला आहे हे त्याला पक्के ठाऊक आहे, आपल्याला नाही. त्यामुळे आपण त्याच्या चेहऱ्याकडे पाहून अंदाज बांधू लागतो, आणि एकदा चेहरे वाचायची सवय लागली की दुकानातल्या प्रत्येक माणसाचा चेहरा आपण संशयाने वाचतो.

दुसरे असे की लग्राँ मुळात रंगभूमीचे नट आहेत. पॅरिसच्या राष्ट्रीय नाट्य अकादमीत त्यांचे शिक्षण झाले. एक जागा, काही तास, एकच कृती आणि बाहेरून येऊ घातलेले संकट हा सांगाडा अभिजात फ्रेंच शोकांतिकेचा आहे; फक्त राजवाड्याच्या जागी त्यांनी दुकान ठेवले आहे.

लियोंकर :
फ्रान्समध्ये अकरा वर्षे राहिलो आहे, म्हणून शीर्षकाबद्दल थोडे लिहितो, कारण 'तिसरी घंटा' यांच्या मुद्द्याला त्याने बळ मिळते. आजच्या बोलीत कोणीही 'आव्हाँ द तू पेर्द्र' असे म्हणेल. त्यात जास्तीचा 'क' घालून केलेली 'आव्हाँ क द' ही रचना जुन्या, सतराव्या शतकातल्या ग्रंथांत सापडते. कानाला ती अशी लागते, जशी आपल्याला 'सर्वस्व जाण्याआधी' ऐवजी 'सर्वस्व जावयाच्या अगोदर' लागेल. आजच्या दुकानात घडणाऱ्या गोष्टीला हे शीर्षक देण्यात शोकांतिकेचा धागा जोडायचा हेतू असावा, असे मला पाहतापाहताच वाटले होते.

दुकानाविषयीही सांगतो. याला तिकडे 'हिपेरमार्शे' म्हणतात. किराणा, कपडे, घरातली यंत्रे सगळे एकाच छपराखाली आणि बाहेर प्रचंड वाहनतळ, असा हा प्रकार. असे पहिले दुकान १९६३ साली पॅरिसच्या दक्षिणेला सँत-जनव्हिएव्ह-दे-ब्वा इथे कारफूर कंपनीने उघडले. लहान गावांच्या वेशीवर उभ्या असलेल्या या दुकानांत सगळे गाव येते, आणि म्हणूनच तिथे लपणे अशक्य असते. नवरा तिथे आला तर त्याला अडवायचे कोणत्या अधिकाराने? तो ग्राहक आहे. दार सगळ्यांसाठी उघडे आहे.

रेवा :
लियोंकरदादा, शेवटच्या दोन वाक्यांनी काटा आला. नावाचा उच्चार 'झेव्हियर लेग्रँड' असा करत होते, तो आता सुधारते.

ध्वनिमुद्रक :
मी व्यवसायाने ध्वनीचे काम करतो, त्यामुळे माझा प्रतिसाद एकाच अंगाने जाणारा आहे. या लघुपटात पार्श्वसंगीत नाही. संगीत प्रेक्षकाला सांगत असते की आता घाबरा, आता सैल व्हा. ते काढून घेतले की प्रेक्षक स्वतःच्या जबाबदारीवर ऐकू लागतो. मग पावलांचा आवाज, दार आपोआप मिटल्याचा आवाज, दूरवर कोणीतरी हाक मारल्याचा आवाज, सगळेच महत्त्वाचे होतात. दुकानातला नेहमीचा गजबजाट एरवी आपल्या कानांना ऐकूही येत नाही. इथे आपण त्यात एकच आवाज शोधत राहतो, आणि तो येत नाही तोवर सुटका नसते.

हीच रीत त्यांनी पुढे 'ज्युस्का ला गार्द' या २०१७ च्या पूर्ण लांबीच्या चित्रपटात अधिक धीटपणे वापरली. त्यात वडिलांच्या गाडीत मुलगा बसलेला असताना आसनपट्टा न लावल्याची सूचना देणारा यंत्राचा 'टिंग टिंग' आवाज वाजत राहतो. ज्याच्याकडे गाडी आहे त्या प्रत्येकाने तो हजारदा ऐकलेला आहे. भीतीसाठी नवा आवाज घडवण्याऐवजी रोजचाच आवाज निवडला, म्हणून तो सभागृहातून आपल्याबरोबर घरी येतो. पुढचे कित्येक दिवस मी गाडी सुरू करण्याआधीच पट्टा लावत होतो.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये उमेश कुलकर्णी यांनी केलेला 'गिरणी' हा लघुपट ज्यांनी पाहिला असेल त्यांना हे लगेच पटेल. घरात आलेल्या पिठाच्या गिरणीचा आवाज त्या मुलाच्या डोक्यात कसा शिरतो हे तिथे शब्दांविना कळते. विषय वेगळा, जात तीच.

सुहास प. :
सर्वांची क्षमा मागून थोडा विरोधी सूर लावतो. कारागिरी उत्तम आहे याबद्दल वाद नाही. पण मूळ लेखकाचा दुसरा प्रश्न अजून कोणी हाताळलेला नाही. अर्धा तास मी खुर्चीच्या टोकावर बसलो होतो आणि बाहेर आल्यावर माझ्या लक्षात आले की मी त्या बाईचा विचार करतच नव्हतो. मी फक्त 'निसटेल की सापडेल' एवढाच विचार करत होतो. शर्यत पाहताना करतो तसा. ती इतकी वर्षे तिथे का राहिली, तिचे त्या माणसाशी नाते कसे होते, तो माणूस असा का झाला, यातले काहीही मला कळले नाही. थरार हे फार बलवान साधन आहे आणि ते वापरले की बाकी सगळे त्याच्या मागे फरफटते. मला तरी १९६२ चा रोबेर आँरिको यांचा 'ला रिव्हिएर द्यू इबू' हा लघुपट या प्रकारातला अधिक खोल वाटतो. अमेरिकी यादवी युद्धात पुलावर फाशी दिल्या जाणाऱ्या माणसाची ती गोष्ट, अँब्रोज बिअर्स यांच्या कथेवरून घेतलेली. संवाद जवळजवळ नाहीत, पाणी, पाने, प्रकाश आणि एक गाणे. त्याला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात लघुपटाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, पुढे ऑस्करही मिळाले. तिथेही ताण आहे, पण त्यातून जगण्याची असोशी उरते.

तिसरी घंटा :
सुहासराव, आँरिकोंच्या लघुपटावर माझेही प्रेम आहे, परंतु ही तुलना जुळत नाही असे मला वाटते. तिथे वेळ ताणला जातो. एका क्षणात किती जग मावते ते दिसते. इथे वेळ घड्याळाच्या वेगाने चालतो आणि अपुरा पडतो. एकाचे कौतुक करण्यासाठी दुसऱ्याला मागे सारायची गरज नाही.

वसुंधरा :
मी तालुक्याच्या गावी एका महिला समुपदेशन केंद्रात चौदा वर्षे काम करते. चित्रपटाची जाणकार नाही. हा धागा वाचून काल रात्री लघुपट पाहिला आणि नंतर बराच वेळ झोप लागली नाही, म्हणून लिहिते आहे.

सुहासभाऊ विचारतात की ती इतकी वर्षे का राहिली हे कळले नाही. भाऊ, हाच प्रश्न आमच्याकडे येणाऱ्या प्रत्येक बाईला पोलीस ठाण्यात, माहेरी, शेजारी, सगळीकडे विचारला जातो आणि तिचे तोंड त्या प्रश्नानेच बंद होते. या दिग्दर्शकाने तो प्रश्न विचारला नाही, याबद्दल मी त्यांची ऋणी आहे. त्यांनी वेगळा प्रश्न विचारला : आज ती निघाली आहे, तर तिला काय काय लागेल? त्याचे उत्तर त्यांनी जितके बारकाईने दिले आहे तितके मी दुसरीकडे पाहिले नाही. साहेबांना सांगावे लागते. सहकाऱ्यांना किती सांगायचे ते ठरवावे लागते. पैसे, कपडे, मुलांना बसवायची जागा, न्यायला येणारी गाडी, आणि ती गाडी येईपर्यंतचा वेळ. हा मधला वेळच सगळ्यात धोक्याचा. बाई घरात असते तेव्हा त्या माणसाला ती आपल्या मुठीत आहे असे वाटत असते. ती निघते आहे हे त्याला कळते त्या दिवशी काहीही होऊ शकते. म्हणून आम्ही बायकांना सांगतो की निघायचा दिवस कोणालाही कळू देऊ नका, कागदपत्रे आधीच दुसरीकडे ठेवा आणि मुलांना शेवटच्या क्षणापर्यंत रोजच्यासारखे वागायला सांगा. पुलाखाली बसलेला तो मुलगा पाहिला तेव्हा मला आमच्याकडची तीन तरी मुले आठवली. शाळेचे दप्तर पाठीवर घेऊन, त्यात आईचे दागिने आणि शिधापत्रिका ठेवून केंद्राच्या पायरीवर बसलेला एक सात वर्षांचा मुलगा मी कधी विसरणार नाही. त्याने मला विचारले होते, "आजची गैरहजेरी लागेल का?"

तुम्ही ज्याला थरार म्हणता तो त्या बाईचा रोजचा दिवस असतो. जिन्यावरची पावले ऐकून आज त्याचा पारा किती चढला आहे हे तिला ओळखता येते. हे प्रेक्षकाला अर्धा तास भोगायला लावले असेल तर त्यात मला काहीही अयोग्य वाटत नाही.

माधवी_नाशिक :
वसुंधराताई, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

मला कपडे बदलतानाचे ते दृश्य सांगावेसे वाटते. शेवट फोडत नाही, त्यामुळे लिहायला हरकत नसावी. तिच्या अंगावरचे व्रण आपल्याला तिथे पहिल्यांदा दिसतात. इतर दिग्दर्शकांनी तिथे थांबून, जवळून, संथपणे दाखवले असते. इथे तिला घाई आहे म्हणून कॅमेऱ्यालाही घाई आहे. ती स्वतः त्या व्रणांकडे पाहतही नाही. छायाचित्रणकार नाताली द्युराँ यांचे नाव म्हणून मी मुद्दाम शोधले. पुढच्या चित्रपटाचे छायाचित्रणही त्यांचेच आहे. लेआ द्रुकेर यांनी आई, म्हणजे मिरियाम, साकारली आहे आणि दनी मेनोशे यांनी नवऱ्याची, आंत्वानची, भूमिका केली आहे. मेनोशे पडद्यावर फार थोडा वेळ आहेत, पण येण्यापूर्वीच ते सगळीकडे असतात.

पाऊलवाट :
ताई, आपण लिहिलेत याबद्दल कृतज्ञ आहे. त्या मुलाचा प्रश्न वाचून थोडा वेळ काही सुचले नाही.

लियोंकर :
वसुंधराताईंनी लिहिल्यामुळे तिकडच्या परिस्थितीविषयी थोडी भर घालतो. फ्रान्समध्ये अशा स्त्रीला न्यायाधीशाकडून तातडीचा संरक्षण आदेश मिळण्याची तरतूद २०१० च्या कायद्याने झाली, म्हणजे हा लघुपट निघण्याच्या आधीच. ३९१९ या क्रमांकावर मदतवाहिनीही आहे. तरीही तिथल्या गृहमंत्रालयाच्या मोजणीनुसार २०१९ या एका वर्षात १४६ स्त्रिया जोडीदाराच्या किंवा पूर्वीच्या जोडीदाराच्या हातून मारल्या गेल्या. त्याच वर्षी पॅरिसच्या भिंतींवर रात्रीतून चिकटवलेले काळ्या अक्षरांचे कागद दिसू लागले. एकेका कागदावर एकेक अक्षर, आणि सगळे मिळून मारल्या गेलेल्या स्त्रीचे नाव. 'ज्युस्का ला गार्द'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सेझार हा फ्रान्सचा मानाचा चित्रपट पुरस्कार मिळाला तेही २०१९ सालीच.

त्या शीर्षकाविषयीही सांगायला हवे. 'गार्द' म्हणजे मुलांचा ताबा, पण 'गार्द' म्हणजे तलवारीच्या मुठीची आडपट्टीही. 'ज्युस्का ला गार्द' याचा एक अर्थ 'ताबा मिळेपर्यंत' आणि दुसरा 'पाते मुठीपर्यंत आत जाईस्तोवर'. मराठीत हे दोन्ही अर्थ एका शब्दात धरता आले तर कोणी सुचवावे.

रेवा :
'मुठीपर्यंत' चालेल का? मुलगा वडिलांच्या मुठीत जाईपर्यंत, आणि पाते मुठीपर्यंत. वसुंधराताईंनी वर 'मुठीत आहे' म्हटले त्यावरून सुचले.

लियोंकर :
रेवा, फार सुंदर. याहून चांगले मला सुचले नसते.

वसुंधरा :
आपल्याकडे २००५ चा कौटुंबिक हिंसाचारापासून संरक्षणाचा कायदा आहे, संरक्षण अधिकारी आहेत, १८१ हा क्रमांक आहे. कायदा चांगला आहे आणि त्याने अनेकींचे प्राण वाचले आहेत, हे मी डोळ्यांनी पाहिले आहे. पण अर्ज आणि आदेश यांच्या मधले दिवस, आणि घर व बसस्थानक यांच्या मधले तास, यांत ती एकटीच असते. त्या तासांत तिला वाचवतात ती माणसे कोण असतात ते या लघुपटात नीट पाहा. दुकानातल्या साध्या कर्मचारी बायका. कोणी भाषण करत नाही. कोणी कपडे देते, कोणी मुलांजवळ बसते. काहींच्या चेहऱ्यावर 'या भानगडीत आपण कशाला' हेही दिसते, आणि तेही खरे आहे.

सुहास प. :
वसुंधराताई, आपला मुद्दा मी मान्य करतो आणि 'ती का राहिली' हा प्रश्न मागे घेतो. तो प्रश्न विचारताना त्याचे ओझे कोणावर पडते, याचा मी विचार केला नव्हता. कर्मचारी बायकांविषयी आपण लिहिलेत ते वाचून मी लघुपट पुन्हा पाहिला. पहिल्या वेळी मी दाराकडे पाहत होतो. या वेळी त्या बायकांच्या हातांकडे पाहिले. वेगळाच लघुपट दिसला.

माझी एक हरकत मात्र उरते. पहिल्यांदा पाहणारा प्रेक्षक दाराकडेच पाहणार. दुसऱ्यांदा किती जण पाहतात?

ध्वनिमुद्रक :
सुहासराव, ही हरकत मला मोलाची वाटते आणि बहुधा ती लग्राँ यांनाही जाणवली असावी. सुरुवातीला त्यांच्या मनात याच कुटुंबावर तीन लघुपट करायचे होते. पहिला झाल्यावर उरलेले दोन एकत्र करून त्यांनी पूर्ण लांबीचा चित्रपट लिहिला. तेच द्रुकेर, तेच मेनोशे, मुलीच्या भूमिकेत तीच मातिल्द ओनव्ह; मुलगा तेवढा बदलला. त्या चित्रपटाची सुरुवात थरारापासून फार लांब, न्यायाधीशांच्या खोलीत होते. दोन वकील बोलतात, मुलाचे लेखी म्हणणे वाचले जाते आणि कोण खरे बोलते हे आपल्याला ठरवता येत नाही. लघुपट पाहिलेला प्रेक्षकसुद्धा तिथे क्षणभर डळमळतो, इतके मेनोशे दुखावलेल्या बापासारखे दिसतात. तुम्ही विचारलेले 'तो माणूस कसा आहे' याचे उत्तर तिथे आहे, आणि ते सुखावणारे नाही. त्या दिग्दर्शनासाठी त्यांना २०१७ मध्ये व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा 'रौप्य सिंह' पुरस्कार मिळाला.

माधवी_नाशिक :
एक माहितीवजा भर. लघुपटाला २०१३ च्या क्लेरमाँ-फेराँ महोत्सवात राष्ट्रीय स्पर्धेचा सर्वोच्च पुरस्कार, २०१४ मध्ये सेझार आणि त्याच वर्षी ऑस्करचे नामांकन मिळाले होते. क्लेरमाँ-फेराँ हे मध्य फ्रान्समधले शहर. केवळ लघुपटांसाठी दर वर्षी तिथे रांगा लागतात. लघुपट म्हणजे मोठ्या चित्रपटाची उमेदवारी नव्हे, असे मानणारा प्रेक्षक तिथे अनेक वर्षांत घडला आहे. आपल्याकडे लघुपट पाहायला तिकीट काढून जाणारे किती, हा वेगळ्या धाग्याचा विषय आहे, म्हणून थांबते.

पाऊलवाट :
सर्व प्रतिसाद वाचून मी माझ्या दोन्ही प्रश्नांकडे पुन्हा येतो. धास्ती कशातून तयार होते याची उत्तरे मिळाली : उशिरा मिळणारी माहिती, नसलेले संगीत, सगळ्यांसाठी उघडे असलेले दार. पण वसुंधराताईंचे वाचल्यावर लक्षात येते की ही साधने दिग्दर्शकाने शोधून काढलेली नाहीत. घाबरलेली बाई असेच ऐकते, चेहरे असेच वाचते, दाराकडे असेच पाहते. लग्राँ यांनी तिचे ऐकणे आणि पाहणे आपल्याला उसने दिले. माझा दुसरा प्रश्न मला आता तितका छळत नाही, परंतु सुहासराव म्हणतात ते दुसऱ्यांदा पाहणे मला गरजेचे वाटते. येत्या रविवारी आमच्या मंडळात लघुपट पुन्हा दाखवायचे ठरवले आहे, आणि त्यानंतर तासभर चर्चा. वसुंधराताई, आपल्याला येणे जमेल का?

वसुंधरा :
रविवारी केंद्रात माझी पाळी असते. सहकारी बदली करायला तयार झाली तर दुपारच्या बसने निघेन. माझ्याबरोबर एकजण येईल. ती आता स्वतः केंद्रात काम करते. लघुपटात काय आहे ते मी तिला आधीच सांगितले आहे, आणि तरीही तिला पाहायचा आहे. तिला दाराजवळची खुर्ची मिळेल असे पाहाल का?

पाऊलवाट :
दोन्ही खुर्च्या दाराजवळच ठेवतो, ताई. दार उघडे राहील.